कात्रजच्या डोंगरावर मनोरा हवा का?

कात्रजचा जुना घाट चढून गेलात की बोगद्याच्या अलीकडे अशी दोन-तीन वळणे लागतात, जिथे गाड्या हमखास थांबतात. कुणी कणीस भाजत असतो, कुणाच्या स्टोव्हवर चहा उकळत असतो आणि कठड्यापाशी उभी असलेली माणसे खाली बोट दाखवून एकमेकांना विचारत असतात, "आपलं घर दिसतंय का बघ!" खेड शिवापूरला नातेवाइकांकडे जाता-येता आम्हीही कित्येक वर्षे याच वळणावर थांबत आलो आहोत. खाली कात्रजचा तलाव, त्याला लागून प्राणिसंग्रहालयाची झाडी, पुढे धनकवडी आणि बिबवेवाडीची दाटी, उजव्या हाताला कोंढव्याच्या उंच इमारती. संध्याकाळी असरनंतर ऊन कलले की सगळे शहर परातीत मांडल्यासारखे दिसते.

या वळणाकडे आम्ही एका वेगळ्या कारणाने पुन्हा पाहिले. आमची भाची वास्तुशास्त्र शिकते. तिसऱ्या वर्षाला तिला एक काम मिळाले: पुण्यासाठी शहर पाहण्याची इमारत आखा, जी शहराची ओळख बनेल. जागा स्वतःच निवडायची होती. तिने कात्रजचा घाट निवडला आणि आठ दिवसांत एक चित्र घेऊन आमच्याकडे आली. डोंगराच्या कडेवर काचेचा उंच निमुळता मनोरा, वर गोल गच्ची, रात्रीचे दिवे. चित्र खरोखर सुंदर होते.

आमच्या अम्मीने, म्हणजे तिच्या नानीने, चष्मा पुसून चित्र नीट पाहिले. मग विचारले, "बेटा, मी यात वर कशी जाऊ?"

"लिफ्ट आहे ना नानी."

"आणि लाइट गेली तर?"

भाची हसली. पण तो प्रश्न तिच्या डोक्यातून गेला नाही. पुढचे तीन आठवडे आमच्या घरी जेवणाच्या दस्तरख्वानवर मनोरेच मनोरे होते. त्या चर्चेत आम्हाला जे कळले ते वाचकांसमोर ठेवतो. कारण इमारत भाचीच्या कागदावरची असली, तरी उंच इमारती आता आपल्या सर्वांच्याच वाट्याला आल्या आहेत.

एकच जिना

नानीच्या प्रश्नाचे उत्तर दिल्लीच्या कुतुबमिनारने फार दुःखद रीतीने दिले आहे. ७२.५ मीटर उंच, तळाशी १४.३ मीटर रुंद आणि माथ्याशी जेमतेम २.७ मीटर. आत गोल फिरत जाणाऱ्या ३७९ पायऱ्या. जुन्या पिढीतले लोक सांगतात की त्यांच्या लहानपणी वर जाता येई. ४ डिसेंबर १९८१ रोजी मिनार पाहणाऱ्यांनी भरलेला असताना आतले दिवे गेले. अंधारात धावाधाव झाली, त्या अरुंद जिन्यात माणसांवर माणसे पडली. ४५ जण मृत्युमुखी पडले, त्यांत बहुसंख्य शाळेच्या सहलीला आलेली मुले होती. तेव्हापासून आतला जिना लोकांसाठी बंद आहे.

दोष मिनार बांधणाऱ्यांचा नव्हता. त्यांनी तो शेकडो सहलींसाठी बांधलाच नव्हता. पण शहर पाहण्यासाठी म्हणून आज जी इमारत बांधायची, तिचा पहिला नियम यातून निघतो. लोक वर किती जातील हा नंतरचा प्रश्न; घाबरलेले लोक एकाच वेळी खाली कसे येतील, हे आधी ठरवायचे. जायची वाट आणि यायची वाट वेगळी हवी, जिना उजेडाचा हवा, वळणावर थांबायला जागा हवी.

गंमत अशी की याची उत्तरेही जुन्या बांधकामांतच सापडतात. विजापूरचा उपळी बुरूज पाहा. आदिलशाहीत १५८४ च्या सुमारास हैदरखानाने तो टेहळणीसाठी बांधला. उंची सुमारे ८० फूट. वर लांब नळीच्या तोफा आहेत. त्याचा जिना आत नाही, बुरुजाला बाहेरून वळसा घालत वर जातो. चढताना प्रत्येक पायरीवर उजेड, वारा आणि हळूहळू उलगडत जाणारे शहर. वर पोचल्यावरच काय ते पाहायचे, असे तिथे नाही. चढणे हेच पाहणे.

इराकमध्ये सामर्रा येथे नवव्या शतकातला मलविया मिनार आहे, ५२ मीटर उंच. त्याला शंखासारखा बाहेरून चढता रस्ताच गुंडाळलेला आहे. स्पेनमध्ये सेव्हिलचा मिनार बाराव्या शतकातला. आज तो तिथल्या चर्चचा घंटा-मनोरा आहे आणि त्याला हिराल्दा म्हणतात. त्याच्या आत एकापुढे एक ३५ उतार आहेत. बांग देणाऱ्याला पायऱ्या चढत दमायला नको, जनावरावर बसूनही वर जाता यावे, एवढे ते रुंद आहेत.

हे वाचल्यावर भाचीने पहिला बदल केला. लिफ्ट ठेवली, पण मुख्य वाट उताराची केली.

बेरीज-वजाबाकी

मग हिशेब सुरू झाला. चाकाच्या खुर्चीसाठी आपल्याकडे उताराचे प्रमाण १२ ला १ धरतात. एक मीटर वर जायचे तर बारा मीटर लांबीचा उतार लागतो. भाचीचा मनोरा होता ३१ मीटरचा. म्हणजे ३७२ मीटर उतार, शिवाय मधले थांबे वेगळे. एवढा उतार गुंडाळायचा तर मनोरा निमुळता राहत नाही, हत्तीच्या पायासारखा होतो. ती हिरमुसली.

तेव्हा आम्ही तिला एक साधा प्रश्न केला. "उंची हवी कशाला?"

"दूरचं दिसायला, मामू."

किती दूरचे? याचे एक सोपे गणित आहे आणि ते नववी-दहावीच्या मुलांना करता येईल. पृथ्वी गोल असल्यामुळे आपल्याला क्षितिजापर्यंतच दिसते. सपाट जागी आपण जेवढ्या मीटर उंचीवर आहोत, त्याचे वर्गमूळ काढायचे आणि ३.५७ ने गुणायचे. उत्तर किलोमीटरमध्ये येते. मैदानात उभे राहिलेल्या माणसाला साडेचार किलोमीटरच्या आसपास दिसते. त्याच मैदानात ३१ मीटरचा मनोरा बांधला की एकदम २० किलोमीटर. चौपटीहून जास्त. म्हणून सपाट शहरांना मनोऱ्याचे एवढे वेड.

आता तोच मनोरा डोंगरावर न्या. समजा, डोंगराची जागा खालच्या मैदानापेक्षा २२५ मीटर उंच आहे. २२५ चे वर्गमूळ १५, म्हणजे मनोरा नसतानाच सुमारे साडेत्रेपन्न किलोमीटर. त्यावर ३१ मीटर चढवले की २५६ मीटर, वर्गमूळ १६, म्हणजे सुमारे ५७ किलोमीटर. एवढा खटाटोप, एवढे पोलाद आणि काच, आणि पदरात पडले साडेतीन किलोमीटर! शिवाय पश्चिमेला सिंहगडाची रांग आडवी आहेच. ती काही मनोऱ्याने बाजूला होत नाही.

भाचीने कागदावर हे दोनदा करून पाहिले आणि म्हणाली, "म्हणजे मनोरा डोंगरच आहे."

आमच्या मते तिच्या सगळ्या कामातले हे सर्वांत मोलाचे वाक्य.

दुबईच्या मनोऱ्यावरून

उंचीचा विषय निघाला की आपल्या घरांत बुर्ज खलिफा निघतोच. कोकणातले असो की पुण्यातले, बहुतेक कुटुंबांतले कुणी ना कुणी आखातात असते आणि सुटीत आलेला माणूस मोबाइलमधला फोटो दाखवतो. ४ जानेवारी २०१० रोजी खुली झालेली ही इमारत ८२८ मीटर उंच आहे. १२४ व्या मजल्यावर, ४५२ मीटरवर, शहर पाहण्याची जागा आहे.

ती उभी कशी राहते, हे समजून घेण्यासारखे आहे. एवढ्या उंचीवर खरा शत्रू वजन नसून वारा असतो. म्हणून इमारतीचा आराखडा तीन पाकळ्यांचा आहे. मधला गाभा आणि त्याला तीन बाजूंनी आधार देणारे तीन पंख. एका बाजूने वारा आला तर बाकीचे दोन पंख तोलून धरतात. वर जाताना पंख एकेक करून, चक्राकार क्रमाने, आखूड होत जातात. त्यामुळे प्रत्येक उंचीवर इमारतीचा आकार वेगळा असतो आणि वाऱ्याचे भोवरे एका तालात जमून इमारतीला हेलकावे देऊ शकत नाहीत. वास्तुकार एड्रियन स्मिथ आणि रचना-अभियंता बिल बेकर यांनी लहान प्रतिकृतींवर वाऱ्याच्या बोगद्यात पुन्हा पुन्हा चाचण्या घेऊन हा आकार पक्का केला. खालची जमीन ठिसूळ खडकाची, म्हणून १९२ खांब ५० मीटरहून खोल उतरवले आहेत.

या इमारतीची एक गोष्ट मात्र फोटोत दिसत नाही. २०११ च्या रमजानमध्ये दुबईच्या धर्मविषयक खात्याने तिथल्या रहिवाशांना सांगितले की ८० व्या मजल्याच्या वर राहणाऱ्यांनी इफ्तार दोन मिनिटे उशिरा करावा आणि १५० व्या मजल्याच्या वर असणाऱ्यांनी तीन मिनिटे. कारण उघड आहे. क्षितिज जितके दूर, तितका सूर्य उशिरा मावळतो. खाली मगरिबची बांग झाली तरी वरच्या माणसाला सूर्याची कड दिसतच असते. पहाटेचे उलट, वर उजेड आधी येतो.

ही बातमी ऐकून अम्मी म्हणाली, "बघा, वर राहणाऱ्याला भूक जास्त वेळ सोसावी लागते." आम्ही सगळे हसलो. पण त्यात एक हिशेबही आहे. उंचीने दूरचे दाखवले, तर त्याची किंमतही ठेवली: लिफ्ट, वीज, वाऱ्याशी झुंज, काचा पुसणारी दोरावरची माणसे. दुबई सपाट आहे, तिच्यापाशी डोंगर नव्हता. तिने तो बांधला. आपल्यापाशी अल्लाहने दिलेला डोंगर उभा आहे, त्यावर दुसरा कशाला?

सलाबतखानाचा धडा

मग डोंगरावर बांधायचे तर कसे? याचे उत्तर पुण्याहून बसने काही तासांच्या अंतरावर, अहमदनगरला, म्हणजे आताच्या अहिल्यानगरला आहे. शहराबाहेर डोंगरमाथ्यावर दुरून दिसणारी एक अष्टकोनी इमारत आहे. लोक तिला चांदबीबीचा महाल म्हणतात. चांदबीबीचा तिच्याशी संबंध नाही. मुर्तजा निजामशहाचा वजीर सलाबतखान याची ती कबर, सोळाव्या शतकाच्या अखेरीची. कबर तळघरात आणि वर तीन मजले.

आम्ही भाचीला घेऊन एका रविवारी तिथे गेलो. ही इमारत अवघी तीन मजली. तरीही नगरमध्ये कुठेही उभे राहा, मान वर केली की ती दिसते, आणि तिच्या कमानीत उभे राहिलात की सगळे नगर दिसते. उंची डोंगराने दिली. इमारतीने फक्त माणसाला उभे राहायला सावली, टेकायला जाड दगड आणि आठ दिशांना आठ बाजू दिल्या. कमान चौकटीचे काम करते: एका वेळी एकच दिशा, मन लावून. आम्ही गेलो तेव्हा ऊन चांगलेच तापले होते, पण त्या जाड भिंतींच्या आत गारवा होता, आणि काचेच्या मनोऱ्यात थंडाव्यासाठी किती वीज लागली असती याचा हिशेब भाची आपणहून करू लागली.

परत येताना तिने गाडीतच नवा आराखडा काढला. मनोरा गेला. घाटाच्या वळणाजवळ जी सपाट जागा आहे तेवढ्यातच बसेल अशी, जमिनीपासून सहा मीटरच वर जाणारी, कमानींची अष्टकोनी ओवरी. सपाट जागाच का, तर पुण्याच्या बांधकाम नियमांत १:५ किंवा त्याहून तीव्र उताराच्या डोंगरावर बांधायला मनाईच आहे, आणि ती असायलाच हवी. बाहेरून उतार, लांबी ७२ मीटर. नानीची खुर्ची ढकलत कुणीही दहा मिनिटांत वर जाईल. उतरायला दुसऱ्या बाजूने रुंद पायऱ्या. वीज पाडून घेणारी तार माथ्यावर, कारण डोंगरमाथ्यावरच्या बांधकामाला वीज सोडत नाही. कुतुबमिनारचा माथाही चौदाव्या शतकात विजेनेच पडला होता आणि फिरोजशहा तुघलकाने तो पुन्हा बांधला.

कठडा आणि नजर

एवढ्यावर झाले असते. पण कठड्याने पुन्हा दोन दिवस घेतले. सुरक्षित कठडा छातीएवढा हवा. खुर्चीत बसलेल्या म्हातारीचे आणि सहा वर्षांच्या पोराचे डोळे नेमके त्याच्या मागे लपतात. घाटात आमची अम्मी गाडीतून उतरत नाही, त्याचे हेही एक कारण होते. उतरून तिला दगडाची भिंतच दिसे. आजवर आम्हाला हे कधी सुचले नव्हते.

काच लावली तर उन्हात चकाकते, धुळीने आंधळी होते आणि पक्षी तिच्यावर आपटतात. खाली तलाव आहे, झाडी आहे, पाखरांची वर्दळ आहे. शेवटी उत्तर पुन्हा जुनेच निघाले: जाळी. दगडी किंवा सिमेंटची, मुलाचे डोके शिरणार नाही एवढ्या भोकांची, वरपासून खालपर्यंत. बसलेल्याला दिसते, उभ्याला दिसते, वाराही येतो.

आणि जाळीचा आणखी एक उपयोग. उंचावरून पाहण्याला आपल्याकडे एक अदब आहे. जुन्या शहरांत मिनारवर चढणाऱ्या मुअज्जिनची नजर शेजारच्या अंगणात पडू नये, याचीही काळजी घेतली जाई. आज कात्रज-कोंढवा रस्त्यावर राहणाऱ्या बहिणींना हे वेगळे सांगायला नको. समोरच्या इमारतीच्या गच्चीमुळे दिवसभर पडदे ओढून बसावे लागते. म्हणून ज्या बाजूला वस्ती जवळ आहे, तिथे भाचीने जाळीची भोके तिरपी केली. दूरचा तलाव दिसतो, जवळची खिडकी दिसत नाही. शहर पाहा, घर नको.

पाहून काय?

एवढे पाहायचे तरी कशासाठी? ओवरीच्या मध्यभागी भाचीने दगडाचा एक चौथरा ठेवला आहे. त्यावर पाण्याचा नकाशा कोरायचा. कात्रजच्या तलावातून पेशवाईत, अठराव्या शतकात, जमिनीखालून दगडी नळांनी पाणी शहरातल्या हौदांपर्यंत नेले होते. त्याच डोंगरातून निघणारा आंबिल ओढा तलावातून पुढे वस्त्यांमधून वळणे घेत मुठेला मिळतो. २५ सप्टेंबर २०१९ च्या रात्री अतिवृष्टीने तो असा फुगला की काठावरची घरे पाण्याखाली गेली, भिंती कोसळल्या, माणसे गेली. त्या रात्री आमच्याही ओळखीच्या घरांत कमरेएवढे पाणी होते. ओढा तिथे आहे हेच कित्येकांना माहीत नव्हते. रस्त्यावरून तो दिसत नाही, नाला वाटतो.

घाटावरून मात्र त्याची वाट ओळखता येते. कुठे पाणी उगम पावते, कुठे त्याला जागा उरली नाही, डोंगर कुठे कापला आहे. आमच्या मते शहर पाहण्याच्या इमारतीचे खरे काम हेच. लहान मुलाने "आपलं घर कुठं?" विचारावे आणि आईने घराबरोबर ओढ्यावरही बोट ठेवावे.

शेवटच्या दिवशी परीक्षकांपुढे भाचीला हाच प्रश्न आला: ही इमारत शहराची ओळख कशी बनेल? हिला उंचीच नाही! ती म्हणाली, "सर, उंची डोंगराची आहे. मी फक्त बसायची जागा केली." तिला फार वरचे गुण मिळाले नाहीत. मनोरे आखणाऱ्यांना जास्त मिळाले. ती दोन दिवस गप्प होती, हे लपवत नाही.

इमारत काही होणार नाही, ती कागदावरच राहील. पण वाचकहो, मुलांना घेऊन तुम्ही कुठल्याही उंच जागी जाल तेव्हा आमच्या भाचीचे चार प्रश्न सोबत न्या. खाली यायची दुसरी वाट कुठे आहे? घरातल्या सर्वांत थकलेल्या माणसाला इथे येता येईल का? सर्वांत लहानाला दिसतंय का? आणि आपण जे पाहतो आहोत, ते पाहायचा आपल्याला हक्क आहे का? तुमच्या स्वतःच्या इमारतीच्या गच्चीवरही हे विचारून पाहा.

मागच्या जुम्याला आम्ही पुन्हा घाटात थांबलो. भाचीने डिकीतून प्लॅस्टिकचे एक उंच स्टूल काढले, कठड्यापासून दोन हात अलीकडे ठेवले आणि नानीला धरून त्यावर बसवले. अम्मी बराच वेळ खाली पाहत होती. मग म्हणाली, "तलाव एवढा मोठा आहे होय!"